पानावर किती पडते ते सांगा, वॅटचं मागून पाहू

मागच्या अंकात जाता जाता एक वाक्य लिहून टाकलं होतं, की ज्या कोपऱ्यात ऊन येत नाही तिथं एलईडी लावूनही झाडं जगवता येतात. बस, तेवढ्यावर इतके प्रश्न आले की या वेळचं अख्खं सदर त्यातच गेलं. संत्र्याच्या आंबिया बहाराबद्दल ज्या काकाजींनी पत्र पाठवलं त्यांनी कृपा करून पुढच्या अंकापर्यंत थांबावं, विसरलो नाही. बहुतेक पत्रांत एकच विचारणा आहे, "किती वॅटचा लावू?" अन खरं सांगू का, हा प्रश्नच अर्धा आहे. पाहुण्याला किती पोळ्या लागतात हे विचारायच्या ऐवजी घरात कणिक किती किलो आहे ते सांगितल्यासारखं होते हे.

प्रश्न : दादा नमस्कार. आमच्या बचत गटानं यंदा मिरची, टमाटर अन वांग्याची रोपं करून विकाचं ठरोलं. बाहेर ठेवली तर वानरं ठेवत नाहीत, मागच्या साली एका सकाळी सप्पा ट्रे उलटे करून गेले. म्हणून आतल्या खोलीत ट्रे ठेवले अन वर ९ वॅटचे दोन एलईडी बल्ब लावले. रोपं निघाली छान, पण आता दोऱ्यासारखी लंबी होऊन राहिली अन आडवी पडून राहिली. बल्ब वाढवू का? किती? बिल किती येईन? आम्हाले दोन हजार रोपं कराची आहेत.
(एक ताई, आर्वी तालुका)

उत्तर : ताई, तुमच्या रोपांना रोग नाही, ती उजेड शोधून राहिली. अंधारात रोपाला वाटते की आपण कशाच्या तरी खाली दबलो आहोत, मग ते पानं करायचं सोडून सगळी ताकद उंच व्हायला लावते. माझंही पहिल्या वर्षी हेच झालं होतं, टमाटरची रोपं पाहून आमच्या घरच्या म्हणाल्या, शेवया वाळू घातल्या का?

आता हिशेब पाहू. तुमचे बल्ब छताच्या होल्डरमध्ये असतील, म्हणजे ट्रेपासून सहा-सात फूट वर. आपल्या डोळ्याला खोलीत लख्ख वाटते कारण डोळा फार लबाड आहे, तो कमी उजेडात स्वतःच जुळवून घेतो. पण तिथं ट्रेवर मोजलं तर शंभर-दीडशे लक्सच्या वर काही भरत नाही (लक्स म्हणजे एखाद्या जागेवर किती उजेड पडते त्याचं माप), अन बाहेर उन्हाळ्याच्या दुपारी अंगणात एक लाख लक्स असते. एक लाख अन दीडशे. एवढा फरक आहे अन आपल्याला वाटते की खोलीत "चांगला उजेड" आहे.

लक्स मोजायला महागाचं यंत्र नको. मोबाईलवर लाईट मीटरचं कुठलंही फुकट ॲप घ्या, फोन रोपाच्या उंचीवर आडवा ठेवा, स्क्रीन वरच्या बाजूला, कारण सेन्सर समोरच्या कॅमेऱ्याजवळ असतो. आकडा एकदम बरोबर येणार नाही पण दीडशे आहे का पाच हजार, एवढं तर कळतेच.

झाडाचा उजेड हा पावसासारखा समजा. एका वेळेला किती जोरात पडून राहिला ते एक, अन दिवसभरात पर्जन्यमापकात एकूण किती मिलिमीटर भरला ते दुसरं. पिकाला दुसरा आकडा लागतो. दिवसभराची बुरबुर अन एक तासाची धो धो सर यांचा आकडा सारखाही भरू शकतो. उजेडाचंही तसंच, शास्त्रज्ञ लोक दिवसभराचा हा एकूण उजेड मोल नावाच्या मापात मोजतात, आपण त्याला सरळ "दिवसाचा उजेड" म्हणू. पांढऱ्या एलईडीसाठी माझं एक ढोबळ गणित आहे: ॲपमध्ये आलेले लक्स गुणिले लाईट चालू असलेले तास, अन त्याला २०,००० नं भागा. आलेला आकडा म्हणजे दिवसाचा उजेड. रोपांना हा आकडा ८ ते १२ पाहिजे. मेथी, पालक, सांबार (कोथिंबीर) पूर्ण वाढवायचा असेल तर १२ च्या वर, अन मिरचीला किंवा टमाटरला फळ धरायचं असेल तर २० च्या वर. मनी प्लांटसारखी मंडळी दोन-चारवर खुश असतात. उन्हाळ्यात आपल्या अंगणात हा आकडा ४० च्या वर जाते, म्हणून मिरची अंगणातच लावा, घरात एलईडीखाली मिरच्या तोडायचं स्वप्न पाहू नका.

तुमचे दीडशे लक्स, १६ तास जरी चालवले तरी २,४०० होतात, भागिले २०,०००, म्हणजे ०.१२. पाहिजे ८. बल्ब दोनाचे चार करून काय होणार बाप्पा.

खरा इलाज अंतराचा आहे. बल्ब निम्म्या अंतरावर आणला की उजेड दुप्पट नाही, चौपट होते. पण बल्बाचा उजेड एकाच जागी पडते, मधलं रोप ठीक अन कडेची पुन्हा लंबी, म्हणून ट्रेसाठी बल्ब सोडा अन चार फुटी २० वॅटची एलईडी ट्यूब घ्या, दुकानात बॅटन म्हणून मागितली तरी चालते. खोक्यावर लुमेन, म्हणजे दिव्यातून एकूण किती उजेड निघते ते लिहिलेलं असते, २,००० च्या आसपास पाहिजेत. ६५०० केल्विनवाली, म्हणजे कूल डे लाईट, रोपांसाठी उलट चांगली, तिच्यात निळा उजेड जास्त म्हणून रोप बुटकं अन दणकट राहते. एका ट्यूबच्या लांबीत ९८ कप्प्यांचे दोन ट्रे एकापुढे एक बसतात. त्यावर दोन ट्यूबा शेजारी शेजारी, पानांपासून फक्त अर्धा फूट वर, सुतळीनं नाही तर साखळीनं टांगा म्हणजे रोप वाढलं की एक एक कडी वर घेता येते. अर्ध्या फुटावर ॲपमध्ये दहा हजार लक्सच्या जवळपास दिसेल. दहा हजार गुणिले १६, भागिले २०,०००, बरोबर ८. बाजूला भिंतीला चुना मारा किंवा जुन्या फ्लेक्सची पांढरी बाजू लावा, बाहेर वाया जाणारा उजेड परत ट्रेवर येते. चोवीस तास चालवू नका, टमाटरची पानं सतत उजेडात पिवळी पडतात, रात्र त्यालाही लागते.

आता बिलाचं. दोन ट्यूबा म्हणजे ४० वॅट, १६ तास म्हणजे ०.६४ युनिट रोजचे, महिन्याचे १९ युनिट. हे झालं दोन ट्रेचं, १९६ रोपांचं. तुम्हाला दोन हजार करायची आहेत, म्हणजे २१ ट्रे, म्हणजे २० ते २२ ट्यूबा, रोजचे साडेसहा-सात युनिट, महिन्याचे दोनशेच्या घरात. ट्यूबांचा खर्च वेगळा. तुमच्या बिलातल्या दरानं गुणा अन मग एक रोप किती रुपयाला विकणार ते मला सांगा.

म्हणून माझा सल्ला ऐका तर एलईडी घेऊच नका. त्याच पैशात अंगणात बांबू अन कोंबड्याच्या जाळीचा पिंजरा उभा करा, वरून पण जाळी, अन तिच्यावर ५० टक्क्यांची शेडनेट. भर उन्हातही तिच्याखाली चाळीस-पन्नास हजार लक्स फुकट मिळतात, तुमच्या ट्यूबपेक्षा चौपट. वानरं बाहेर बसून पाहतील. बी उगवेपर्यंत ट्रे आतच ठेवा, एकावर एक रचून झाकून ठेवले तरी चालतात, मिरची-टमाटरच्या बियाला उगवायला उजेड लागत नाही. पहिला कोंब दिसला त्याच दिवशी ट्रे पिंजऱ्यात, संध्याकाळपर्यंतही थांबू नका. अन आत्ता जी लंबी झाली त्यातली टमाटरची नवीन कप्प्यात खोल, पहिल्या पानांपर्यंत मातीत बसवा, देठाला मुळं फुटून सावरतात. मिरचीला तसं फारसं जमत नाही. ती बाहेर काढायची असली तर आठ दिवस हळूहळू, आधी सकाळचा एक तास, मग दोन, नाहीतर खोलीतलं नाजूक पान पहिल्याच उन्हात पांढरं पडून करपते.

प्रश्न : भाऊ, मी ऑनलाईन १००० वॅटचा ग्रो लाईट मागवला, जांभळा उजेड पडते. खोलीत पुदिना अन स्ट्रॉबेरी लावली. दोस्त म्हणते हा फसवणुकीचा माल आहे, १००० वॅटचा असता तर खोली तापली असती. बाबा म्हणते बिल येईन तेव्हा समजन. खरं काय?
(पुसद तालुक्यातून एक विद्यार्थी)

उत्तर : दोस्त हुशार आहे तुझा. हजार वॅट म्हणजे लहान शेगडी झाली रे, ती टेबलावर दिवसभर चालली असती तर तू मला पत्र लिहिण्याच्या स्थितीत नसतास. त्या लाईटवर जे १००० लिहितात ते बहुतेक वेळा "जुन्या १००० वॅटच्या दिव्याइतका" असा दावा असते, किंवा आतल्या छोट्या छोट्या एलईडीची कागदावरची कमाल क्षमता जोडून काढलेला आकडा असते. प्रत्यक्षात असले लाईट शंभर वॅटच्या आसपासच ओढतात. खात्री स्वतःच करून घे, फुकट होते. घरातलं सगळं बंद कर, फ्रीजसुद्धा, फक्त तुझा लाईट चालू ठेव अन बाहेर जाऊन मीटरचा लाल ठिपका एक मिनिट मोज. मीटरवर एका युनिटला किती ठिपके ते लिहिलेलं असते, कित्येकांवर ३२०० असते. तेवढे असतील तर हजार वॅटला मिनिटाला ५३ वेळा लुकलुक झाली पाहिजे, शंभर वॅटला पाचच. बाबांनाही दाखव, बिलाची चिंता मिटेल.

जांभळ्याचं म्हणशील तर तो रंग खोटा नाही. पानातलं हरितद्रव्य लाल अन निळा उजेड जास्त ओढते म्हणून कंपन्यांनी ६६० नॅनोमीटरचा (हे उजेडाच्या रंगाचं माप) लाल अन ४५० चा निळा एवढेच एलईडी ठेवले, दोन मिळून जांभळं दिसते. पण हिरवा उजेड वाया जाते हे मात्र खरं नाही. पान हिरवा थोडा परत फेकते म्हणून आपल्याला हिरवं दिसते, बाकीचा बराचसा तेही वापरते, उलट तो पानात खोल अन खालच्या पानापर्यंत पोचते. साधा पांढरा एलईडी आतून निळाच असते, त्यावर पिवळट लेप असते, त्या लेपातून बाकीचे रंग निघतात, म्हणून पांढऱ्यात निळा, हिरवा, लाल सगळंच थोडं थोडं आलं. मला स्वतःला जांभळा आवडत नाही, त्याचं एक साधं कारण आहे, त्या उजेडात पान पिवळं पडलं का, मावा लागला का, काहीच दिसत नाही. तुझा आलाच आहे तर वापर, पुदिन्याला चालते, पाणी द्यायच्या वेळेला बंद करून साध्या उजेडात पानं पाहत जा, अन लाईटकडे टक लावून पाहू नको. स्ट्रॉबेरी आपल्या उन्हाळ्यात खोलीत टिकवणं हा लाईटचा प्रश्नच नाही, ती गरमीनंच हात टेकते.

प्रश्न : आमची बैठकीची खोली जुन्या पद्धतीची आहे, खिडकी एकच. मार्चपासून तिच्यात कुलर बसते तो पार पाऊस येईपर्यंत. तोपर्यंत मनी प्लांट, स्नेक प्लांट ठीक असतात, नंतर मनी प्लांटची पानं बारीक अन फिक्की होतात. सून म्हणते एक बल्ब लावू. गोडनिंबाचीपण (कढीपत्त्याची) कुंडी आहे, तीही आतच ठेवतो उन्हामुळं.
(एक काकू, हिंगणघाट)

उत्तर : काकू, हा खास आपल्या विदर्भाचा प्रश्न आहे, कुठल्याच बागकामाच्या पुस्तकात "खिडकीत कुलर असल्यास" असं प्रकरण नसते! बाहेर आग ओकून राहिली अन आत झाडं अंधारात उपाशी, असा आपला उन्हाळा.

सूनबाईचं बरोबर आहे. मनी प्लांटला ९ वॅटचा एक बल्ब पुरते, पण छताचा नाही. अभ्यासाचा टेबल लॅम्प असते ना वाकवता येणारा, तो घ्या, त्यात ९०० लुमेनचा साधा पांढरा बल्ब, अन पानांपासून एक फुटावर आणा. तिथं दीड हजार लक्सच्या आसपास येते, बारा तासांचे झाले १८,०००, म्हणजे आपल्या गणितानं एकाला थोडं कमी, एवढ्यावर झाड तग धरते पण वाढत नाही. अर्ध्या फुटावर आणलात तर तीन-साडेतीन, मग नवीन पान मोठं येईल. लॅम्पला झाकणासारखी टोपी असली तर आणखी चांगलं. महिन्याला सव्वातीन युनिट, त्याची काळजी नको. स्नेक प्लांटला काहीच करू नका, तो तीन महिने नुसता बसून राहते, फक्त पाणी महिन्यातून एखाद-दोन वेळेस. हे विसरू नका की उजेड कमी तेव्हा झाड पाणीही कमी पिते, अन आपण उन्हाळा आहे म्हणून रोज ओततो, बहुतेक कुंड्या त्यानंच सडतात. अन कुलरच्या झोतात कुंडी ठेवू नका.

गोडनिंब मात्र बाहेर काढा, आजच. ते उन्हाचं झाड आहे, खोलीत कोंडायचं नाही. सकाळचं ऊन मिळेल अन दुपारी भिंतीची सावली पडेल अशी जागा पूर्वेच्या बाजूला पाहा, नवतप्यात (मे अखेरच्या तापत्या नऊ दिवसांत) फार तर दुपारी एक ओलं पोतं आडवं लावा.

अन घर जर कवेलूचं, म्हणजे कौलारू असेल तर बल्बाच्या आधी एक-दोन काचेची कवेलं बसवा. टिनाचं असेल तर एक पारदर्शक फायबरचा पत्रा. आमच्या जुन्या घरात आजोबांनी चुलीच्या वर एक काचेचं कवेलू बसवलं होतं, त्याच्याखाली दुपारी उन्हाचा चौकोन सरकत जायचा, त्यात आजीची मिरच्यांची परडी सरकत राहायची. तो चौकोन एलईडीपेक्षा कितीतरी भारी, फक्त झाड त्याच्या थेट खाली न ठेवता जरा बाजूला ठेवा.

प्रश्न : गावात रस्त्यानं नवीन एलईडी खांब लागले. आमचं वावर रस्त्याला लागून आहे. खांबाजवळचं सोयाबीन टोंगळ्याच्या वर गेलं, हिरवंगार, बाकीचं वाळून सोंगायला आलं तरी तेवढा गोल हिरवाच. लोक म्हणतात एलईडीनं पीक वाढते, मग घरात झाडाला लावा म्हणता अन इथं का नुकसान?
(शेतकरी, मंगरूळपीर तालुका)

उत्तर : भाऊ, हा प्रश्न घरातल्या झाडाचा नाही पण मला तो सगळ्यात जास्त आवडला, कारण लाईटचं दुसरं काम इथं उघड दिसते. उजेड झाडाला दोन कामांना लागते. एक पोट भरायला, त्याला हजारो लक्स पाहिजेत. दुसरं, ऋतू ओळखायला, अन त्याला अगदी थोडासा उजेडही पुरते. सोयाबीन रात्र किती लांब आहे ते मोजते. आषाढ सरला की रात्री मोठ्या होत जातात, तेव्हा ते समजते की आता फुलं-शेंगा उरकून घ्यायची वेळ झाली. खांबाच्या उजेडानं त्याचं पोट भरत नाही, पण त्याला वाटते अजून रात्र झालीच नाही, आषाढच चालू आहे. म्हणून ते वाढतच राहते, शेंगा उशिरा धरते, अन बाकीचं मळणीला आलं तरी तो गोल ओला. तो ओला माल मळणीयंत्रात बाकीच्यात मिसळला तर ढिगाची ओल वाढते अन भावात काट बसते, म्हणून तेवढा गोल वेगळा सोंगून वेगळाच मळा.

खांबाला वावराच्या बाजूनं पत्र्याची आडोसा-टोपी लावता येते का ते ग्रामपंचायतीत विचारून पाहा, किंवा ऑगस्ट-सप्टेंबरात तेवढा एक दिवा रात्रभर बंद ठेवता आला तर. नाही जमलं तर पुढच्या साली त्या कोपऱ्यात तूर टाकू नका, तीपण रात्र मोजणारीच आहे. वांगी, टमाटर टाका किंवा कपाशी चालते, आताच्या वाणांना त्याचा फारसा फरक पडत नाही.

याच्यातच आणखी दोन पत्रांचं उत्तर आलं, ज्यांची शेवंती ओसरीतल्या ट्यूबखाली मस्त वाढते पण फुलत नाही. तीही रात्र मोजते. संध्याकाळी सहाला तिला अंधाऱ्या जागी हलवा, सकाळी परत उन्हात, दीड-दोन महिने असं करा. फुलांचे शेतकरी हीच गंमत उलटी वापरतात, रात्री दिवे लावून शेवंती मुद्दाम थांबवून ठेवतात, भाव येण्याच्या दीड-दोन महिने आधी दिवे बंद.

प्रश्न : खोलीत केशर करता येते असे व्हिडिओ पाहिले. दहा बाय दहाची खोली आहे. किती एलईडी लागतील?
(वरूड तालुका)

उत्तर : फुलं येईपर्यंत जवळजवळ एकही नाही! केशराचा कंद कांद्यासारखा आपल्या पोटात शिदोरी घेऊन येते, मातीशिवाय, पाण्याशिवाय ट्रेत नुसता मांडून ठेवला तरी फुलते. व्हिडिओतला जांभळा उजेड कॅमेऱ्याला छान दिसते हे मात्र खरं. फुलासाठी लागते थंडी. उन्हाळ्यात कंदाच्या आत फूल तयार व्हायला २३ ते २७ अंश अन ऑक्टोबरच्या सुमाराला फूल बाहेर यायला १७ अंशाच्या आसपास, वर हवेत ओल. वरूडच्या ऑक्टोबरमध्ये १७ अंश म्हणजे रात्रंदिवस एसी, भिंतींना थर्माकोल, अन लाईन गेली तर जनरेटर. खर्च तिथं आहे. एक ग्रॅम सुकं केशर व्हायला दीडशेच्या आसपास फुलं लागतात, एका कंदाला एक-दोन किंवा तीन फुलं, गणित तुम्हीच मांडा.

लाईटची गरज फुलं तोडल्यानंतर सुरू होते, तेव्हा पानं निघतात अन त्या पानांच्या कमाईवर पुढच्या वर्षीचे कंद पोसतात. हा भाग व्हिडिओत दाखवत नाहीत. तिथं अंधारात ठेवलं तर पुढच्या साली कंद बारीक अन फूल नाही, म्हणजे दरवर्षी काश्मीरहून नवीन कंद विकत. माझं मत विचाराल तर ज्याच्या घरी संत्र्याची बाग आहे त्यानं हा पैसा ठिबकमध्ये टाकावा.

प्रश्न : मी जिल्हा परिषद शाळेत शिकवते. मुलांना उजेड अन झाड असा प्रयोग दाखवायचा आहे, लाईटला पैसे नाहीत.
(एक शिक्षिका, चामोर्शी तालुका)

उत्तर : मॅडम, बुटाचे तीन खोके अन मुठभर मूग एवढंच लागते. प्रत्येक खोक्यात भिजवलेले मूग लावलेली एक वाटी, खोक्याच्या एका बाजूला रुपयाएवढं भोक. पहिलं भोक मोकळं, दुसऱ्यावर लाल जिलेटिन पेपर तीन-चार घड्या करून, तिसऱ्यावर निळा. खिडकीत ठेवा. चार-पाच दिवसांत मोकळ्या अन निळ्या भोकाकडे कोंब वाकलेले दिसतील, लालकडे जवळजवळ नाही, कारण उजेडाकडे वळायचं काम निळा रंग करवतो. खोक्याची झाकणं मात्र मुलांनी दर दहा मिनिटांनी उघडून पाहू नयेत, हे तुम्हाला जमलं तर प्रयोग जमला. एक वाटी बंद डब्यात अन एक अंगणातही ठेवा, शेवटी अंधारातला पिवळा कोंब अन अंगणातला हिरवा कोंब शेजारी ठेवा.

प्रश्न : आमच्याकडं व्होल्टेज कमी-जास्त होते, टिनाची खोली, एलईडी दोन-तीन महिन्यांत उडून राहिले. टायमर लावला तोपण वेळ चुकवते. धिंगरी मशरूम अन थोडी रोपं आहेत.
(भंडारा जिल्हा)

उत्तर : धिंगरीचं आधी सांगतो, मशरूम उजेडाचं खात नाही, दिवसातून काही तास पेपर वाचता येईल इतका अंधुक उजेड पुरे, तिच्यावरचे दिवे काढून रोपांवर लावा.

एलईडी उडण्याचं कारण अर्धं व्होल्टेज अन अर्धी गरमी. टिनाच्या छताखाली मे महिन्यात हवा पन्नास अंशाच्या जवळ जाते अन तुम्ही ट्यूब टिनाला चिकटवून लावली असेल. दिवा नाही जळत, त्याच्या आतला ड्रायव्हर, म्हणजे घरची वीज एलईडीच्या जोगी करणारा भाग जळतो, त्यातला कपॅसिटर नावाचा पुर्जा गरमीनं सुकतो. ट्यूब खाली ट्रेजवळ आणा, रोपालाही तेच पाहिजे. ड्रायव्हर वेगळा असलेला दिवा घेतला तर ड्रायव्हर खोलीबाहेर सावलीत काढता येते. खोक्यावर किती व्होल्टपासून कितीपर्यंत चालते ते पाहून घ्या, १०० ते ३०० असं रुंद लिहिलेलं पाहिजे, नुसतं २४० नको. अन फवारा मारताना मेन स्विच बंद, पायात चप्पल, हे मी दरवेळी लिहितो अन दरवेळी कोणीतरी हसते, हसा.

टायमर तुमचा फिरत्या चकतीचा असेल. लाईन गेली की ती चकतीही थांबते, तीन तास लाईन नव्हती तर तुमचा टायमर तीन तास मागं. आठवड्यातून एकदा हातानं मिळवून घ्या किंवा आत बॅटरी असलेला डिजिटल घ्या. एखाद्या दिवशी उजेड कमी मिळाला म्हणून रोप मरत नाही, ढगाळ दिवस समजून घेते ते.

प्रश्न : नातवानं तुळशीवृंदावनाले रंगीत लाईटची माळ गुंडाळली, रात्रभर चालू राहते. तुळस झोपत नसेल का बाबू?
(एक आजी, सेलू)

उत्तर : आजी, माळेतले दिवे काजव्याएवढे, त्यानं तुळशीचं पोटही भरत नाही अन फार बिघडतही नाही, दिवसा अंगणातलं ऊन तिला मिळते ना, मग काळजी नको. पण झाडाला अंधार मानवते हे तुमचं बरोबरच आहे, नातवाला सांगा झोपताना बंद कर. अन सकाळी पाणी घालायच्या आधी प्लग काढायला सांगा, माळेचे जोड उघडे असतात, तुमचा हात ओला असते.